‘सहा महिन्यात निकाल द्या’ म्हणे, पण कुणाच्या आधी?

दर महिन्या-दोन महिन्यांनी एक बातमी येतेच. अमुक साली दाखल झालेला दिवाणी दावा, वादी म्हातारा झाला किंवा वारला, खालच्या कोर्टात नुसत्या तारखा, शेवटी कंटाळून हायकोर्टात रिट टाकली आणि हायकोर्टानं खालच्या कोर्टाला फटकारलं की दावा सहा महिन्यात निकाली काढा. (फटकारलं हा शब्द बातमीदाराचा. ऑर्डर काढून वाचली तर बहुतेक वेळा दोन ओळी असतात, दावा जुना आहे सबब तो लवकर चालवावा, संपलं.) मग चर्चा सुरू होते. एक गट म्हणतो बरं झालं, खालची कोर्टं आळशी, वकील तारखा घेत बसतात, आणि ह्यांना उन्हाळ्याची सुट्टी कशाला पाहिजे. दुसरा गट, ह्यात वकील मंडळी जास्त, म्हणतो न्यायाधीशच नाहीत तर करणार काय. दोन्ही गट एकमेकांवर ओरडतात, आणि ज्या ऑर्डरवरून हे सगळं सुरू झालं ती मुळात बरोबर होती का हे कुणी विचारत नाही. ती चांगलीच आहे असं दोघांनीही धरून ठेवलेलं असतं.

मला ती चांगली वाटत नाही. वरच्या कोर्टानं एकेक दावा उचलून खालच्या कोर्टाला ‘हा आधी चालव’ असं सांगितलं की विलंब कमी होत नाही, तो एकाच्या डोक्यावरून काढून दुसऱ्याच्या डोक्यावर ठेवला जातो, आणि हा दुसरा बहुतेक वेळा असा माणूस असतो ज्याला हायकोर्टापर्यंत जाणं परवडलेलं नाही. बातमीत पहिल्याचा फोटो येतो, दुसऱ्याचं नावसुद्धा कुणाला कळत नाही.

मला हे कळलं ते आत्याबरोबर कोर्टात गेलो तेव्हा. आत्याचा वाटपाचा दावा आहे, तालुक्याच्या कोर्टात, बारा वर्षं झाली. त्यातली चार वर्षं प्रतिवादींना समन्स लागण्यात आणि मयत झालेल्यांचे वारस लावण्यात गेली. त्या दिवशी तिची उलटतपासणी होती, सत्तरीच्या पुढची बाई, सकाळी सहाच्या एसटीनं आली, वकिलांनी आदल्या दिवशी सगळं समजावून सांगितलेलं. बाहेर लावलेल्या बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या केसेसच्या यादीत, सत्तरच्या आसपास नावं होती. जज एकच, तेच दिवाणी न्यायाधीश आणि तेच फौजदारी मॅजिस्ट्रेट, त्यामुळे सकाळी रिमांड, जामीन, मग चेक बाउन्सच्या केसेस, दिवाणी कामाला हात लागतो तो जेवणाच्या सुट्टीनंतर. जेवणानंतर पुकारा झाला तो दुसऱ्याच दाव्याचा. हायकोर्टाचं टाइमबाउंड, म्हणजे मुदत घालून दिलेलं मॅटर आहे असं शिरस्तेदार (कोर्टातले कारकून) म्हणाले. हायवेलगतच्या एका प्लॉटचा दावा, दोन्ही बाजूंनी शहरातून गाडी करून आलेले वकील, साक्ष संध्याकाळपर्यंत चालली. आमच्या वकिलांनी सहज नंबर बघितला तर दावा आमच्यानंतर आठ वर्षांनी दाखल झालेला. आत्याला दोन महिन्यांची तारीख मिळाली. एसटीत ती म्हणाली, “आपण पण त्यांच्यासारखा वरनं कागद आणूया की रे.” वरनं कागद आणायचा खर्च मी वकिलांना आधीच विचारला होता, तो तिला सांगितला नाही.

आता ह्यात कुणी चोरी केली का? नाही. जजसाहेबांनी वरच्या कोर्टाची ऑर्डर पाळली, हायकोर्टानं समोर आलेल्या माणसाचं गाऱ्हाणं ऐकलं, त्या प्लॉटवाल्यानं त्याचा हक्क वापरला. तरी आत्याचा दिवस गेलाच. दवाखान्यात डॉक्टर एक, टोकनं सत्तर, आणि दर अर्ध्या तासानं वरनं फोन की अमक्याला आधी घ्या, अशानं ओपीडी लवकर संपते का? डॉक्टरचे तास तेवढेच राहतात. फोनवाला खूश होऊन जातो आणि बाहेर सांगतो की बघा, फोन केला की काम होतं. बाकीचे मग फोन कुणाला करायचा त्या ओळखी शोधायला लागतात. एक्सपिडाइट करून मिळावं, म्हणजे दावा लवकर चालवावा, म्हणून रिट टाकणं हा आता एक वेगळा धंदाच झालाय, आणि त्या रिटनं हायकोर्टाचा बोर्ड वाढतो तो वेगळाच. आमच्या भागाला ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच मिळालं, फार चांगली गोष्ट झाली, मुंबईच्या खेपा वाचल्या. पण वरचं कोर्ट जवळ आलं म्हणजे वरनं कागद आणणंही सोपं झालं, आणि एकाच तालुक्यातल्या पंधरा दाव्यांवर ‘सहा महिन्यात’ असा शिक्का बसला की त्या शिक्क्याला काय अर्थ उरणार?

हे मी काही नवीन शोधून काढलेलं नाही. २९ फेब्रुवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं हेच सांगितलंय. निकाल लिहिला न्या. अभय ओक यांनी, ज्यांची वकिली ठाण्याच्या जिल्हा कोर्टातून सुरू झाली, म्हणजे खालचा बोर्ड कसा असतो हे ज्यांना ऐकून माहीत नाही, बघून माहीत आहे. त्यात म्हटलंय की घटनात्मक कोर्टांनी, म्हणजे सुप्रीम कोर्ट आणि हायकोर्टांनी, दुसऱ्या कोर्टातल्या केसेसना साधारणपणे मुदत घालून देऊ नये, अगदी अपवादात्मक परिस्थितीतच तसं करावं, कुठली केस आधी घ्यायची हे त्या त्या कोर्टावर सोडावं, कारण तिथं काय तुंबलंय ते त्यालाच माहीत असतं. आणि ज्यांना वरच्या कोर्टात जाणं सहज परवडतं त्यांना रांग मोडून पुढं जाऊ देता येणार नाही, बाकीचे निमूट उभे असताना, हेही त्यात आहे. एवढं स्पष्ट सांगून झालं तरी मुदतीच्या ऑर्डरी चालूच आहेत, बातम्याही चालूच आहेत, आणि चर्चेत ह्या निकालाचं नाव कुणी काढत नाही. अपवादात्मक हा शब्द आपल्याकडं फार लवचिक आहे.

वरनं मुदती ठरवायचा प्रयोग आपल्याकडं एकदा नाही, परत परत झालाय आणि दर वेळी मागं घ्यावा लागलाय. १९९६ मध्ये सुप्रीम कोर्टानं फौजदारी खटल्यांना वर्षांच्या मर्यादा घालून दिल्या, तेवढ्या काळात संपला नाही तर आरोपीला सोडा, १९९८ मध्ये आणखी मर्यादा आल्या. २००२ मध्ये सात न्यायमूर्तींचं पीठ बसलं आणि त्यांनी सांगितलं की अशी सरसकट मुदत घालणं योग्यही नाही आणि कोर्टाच्या अधिकारातही नाही. मग २०१८ मध्ये दुसरा प्रयोग. दिवाणी-फौजदारी खटल्यांवरचा स्टे सहा महिन्यांनी आपोआप उठेल, मुदत वाढवून घेतली नाही तर. कल्पना ऐकायला झकास, स्टे घेऊन वर्षानुवर्षं बसणाऱ्यांना चाप. झालं काय, तर ज्याची काही चूक नाही, ज्याच्या केसवर वरच्या कोर्टाला वेळच झाला नाही, त्याचाही स्टे उडायला लागला. तो नियम मोडीत काढला तो वर सांगितलेल्या २०२४ च्याच निकालानं. दोन्ही वेळा हेतूबद्दल कुणाला शंका नव्हती.

आणि आपल्या महाराष्ट्राला तर ह्याहून जुना धडा आहे. १८५९ मध्ये इंग्रजांनी मुदतीचा कायदा आणला, कर्जाचे रोखे तीन वर्षांपुरतेच चालतील असं केलं. विचार असा की व्याज साठत जाऊन कुणब्याचा गळा आवळला जाऊ नये. सावकारांनी दर तीन वर्षांनी मुद्दल अधिक व्याज असा नवीन रोखा लिहून घ्यायला सुरुवात केली, आणि मुदत संपायच्या आत कोर्टात धाव. कुणबी समन्स बघून घाबरायचा, किंवा त्याला ते मिळायचंच नाही, आणि एकतर्फी हुकूमनामा, म्हणजे दाव्याचा निकाल, होऊन जायचा. म्हणजे त्या काळचं दिवाणी कोर्ट सावकाराच्या बाजूनं चांगलंच चटचट काम करत होतं. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला लोकांनी सावकारांची घरं गाठली आणि रोखे जाळले, ते लोण पुणे आणि नगर जिल्ह्यात पसरलं, चौकशी आयोग बसला, १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा करावा लागला. त्यात कोर्टाला सांगितलं की नुसत्या रोख्यावरच्या आकड्यावर जाऊ नका, व्यवहाराची मुळापासून चौकशी करा. आता मुळापासून चौकशी म्हणजे वेळ लागणार, ते सरकारनं पत्करलं. लवकर निकाल पाहिजे म्हणणाऱ्यांनी आधी हे सांगावं की लवकर कुणासाठी. दाव्यात दोन बाजू असतात, आणि घाई नेहमी त्या बाजूच्या सोयीची असते जिची कागदपत्रं तयार असतात.

आता विरुद्ध बाजूचं जे खरंच दमदार आहे ते मान्य करतो. पहिली गोष्ट, टाइमबाउंड शिक्क्यानं काम हलतं, हे डोळ्यांनी बघितलंय. जो प्रतिवादीचा वकील तीन वर्षं ‘क्लायंट आजारी आहे’ करत होता तो हायकोर्टाची ऑर्डर आल्यावर पुढच्या तारखेला साक्षीदार घेऊन हजर असतो. दिवाणी प्रक्रिया संहितेत लिहिलेलंच आहे की एका पक्षाला सुनावणीत तीनपेक्षा जास्त तहकुबी नाहीत, कैफियत, म्हणजे प्रतिवादीचं लेखी उत्तर, तीस दिवसात, फार तर नव्वद. हे २००२ पासून लागू आहे. पण २००५ मध्ये सुप्रीम कोर्टानंच सांगितलं की नव्वद दिवसांची मर्यादा अगदी अभेद्य समजू नका आणि तीन तहकुबींनाही अपवादाची वाट ठेवली, आणि तेव्हापासून त्या वाटेचा हायवे झालाय. मग निदान वरनं ऑर्डर आल्यावर तरी कायदा पाळला जात असेल तर वाईट काय? मुद्दा बिनतोड वाटतो, पण जरा उलटून बघा. जो नियम सगळ्यांसाठी पुस्तकात आहे तो फक्त रिट टाकणाऱ्याला लागू होतो, असा त्याचा अर्थ झाला. नियम पाळून घ्यायला त्या न्यायाधीशाला वरनं आलेला कागद लागावा ही काही कौतुकाची गोष्ट आहे का? उद्या त्यानं स्वतःहून, रिट-बिट काही नसताना, चौथी तहकुबी नाकारली आणि वकील वर गेला, तर वरचं कोर्ट ‘नैसर्गिक न्यायासाठी आणखी एक संधी द्यावी’ म्हणत ती ऑर्डर फिरवतं, पाचशे-हजार रुपये कॉस्ट लावून. असं दोन-तीनदा झालं की कुठला जज नाही म्हणायच्या भानगडीत पडेल? तहकुबीवर कडक राहायची हिंमत खालच्या कोर्टात नाही असं म्हणताना ती हिंमत कुणी खच्ची केली तेही बोलायला हवं. आणि कॉस्टचं म्हणाल तर खोटा, त्रास द्यायला केलेला दावा किंवा बचाव निघाला तर भरपाई म्हणून कोर्ट जास्तीत जास्त किती द्यायला लावू शकतं, माहीत आहे? संहितेच्या कलम ३५-अ प्रमाणे तीन हजार रुपये. १९७६ पासून तीन हजारच. गुंठ्याचा भाव कुठल्या कुठं गेला आणि खोटेपणाचा भाव तिथंच.

दुसरी गोष्ट, सगळ्या ऑर्डरी एका दाव्यापुरत्या नसतात. ऑक्टोबर २०२३ मध्ये न्या. रवींद्र भट आणि न्या. अरविंद कुमार यांच्यासमोर १९८२ सालचा दावा आला होता. एक्केचाळीस वर्षं झालेली, आणि वाद काय चाललेला, तर मयत झालेल्या वादीच्या जागी वारस म्हणून कुणाचं नाव लावायचं. दावा अजून तिथंच. त्यावर सुप्रीम कोर्टानं देशभरातल्या कोर्टांसाठी निर्देश दिले, समन्स वेळेत लावा, कैफियतीची मुदत पाळा, वादाचे मुद्दे ठरवल्यावर साक्षी सलग घ्या, पाच वर्षांपेक्षा जुन्या प्रकरणांवर हायकोर्टांनी लक्ष ठेवावं. हे एकट्यादुकट्याला पुढं काढणं नाही, सगळ्या रांगेला लागू आहे, त्यामुळे माझा आक्षेप ह्याला तसाच्या तसा लागत नाही हे कबूल. फक्त निर्देश वाचताना असं वाटत राहतं की ह्यातलं बरंचसं संहितेत आधीपासून आहेच. १९०८ चा कायदा २०२३ मध्ये परत एकदा वाचून दाखवला. विलंबावर इंग्रज सरकारनं न्या. रँकिन यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली तीही १९२४ ची, म्हणजे आपण हा विषय शंभर वर्षं झाली चघळतोय. (गिनीज बुकात पुण्याचा एक दावा आहे, १२०५ मध्ये सुरू होऊन १९६६ मध्ये संपलेला, ७६१ वर्षं. यादवांच्या काळातला आणि इंदिरा गांधींच्या काळातला दावा एकच कसा मानायचा हे मला कळलेलं नाही, पण पुणेकरांचा चिवटपणा बघता अशक्य म्हणवत नाही.)

तिसरा मुद्दा सगळ्यात भारी आहे आणि तो आकड्यांचा आहे. दावा जिंकल्यावर हुकूमनाम्याची बजावणी करून घ्यायला आपल्याकडं दरखास्त लावावी लागते, म्हणजे जवळपास दुसरा दावाच. हिंदुस्थानातल्या पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हातात पडल्यावर सुरू होतात, अशा अर्थाचं प्रिव्ही कौन्सिलनं, म्हणजे इंग्रजांच्या काळातल्या सगळ्यात वरच्या कोर्टानं, १८७२ मध्येच लिहून ठेवलंय. २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं दरखास्ती सहा महिन्यात संपवा. मार्च २०२५ मध्ये न्या. पारडीवाला आणि न्या. महादेवन यांनी सगळ्या हायकोर्टांना आकडे गोळा करायला लावले आणि सहा महिन्यांची मुदत दिली. ऑक्टोबरमध्ये हिशोब आला. ३ लाख ३८ हजारांच्या वर दरखास्ती त्या सहा महिन्यात निकाली निघाल्या. म्हणजे वरनं रेटा दिला तर होतं, असं कुणी म्हणेल, आणि ते खोटं नाही. पण त्याच हिशोबात ८ लाख ८२ हजारांच्या वर दरखास्ती शिल्लक आहेत, आणि त्यात सगळ्यात मोठा वाटा आपल्या मुंबई हायकोर्टाच्या हद्दीतला, ३ लाख ४० हजारांच्या वर. शिवाय ‘निकाली’ म्हणजे काय हे त्या आकड्यात दिसत नाही. जागेचा ताबा मिळाला, पैसे मिळाले, तीही निकाली. दरखास्तदार तारखेला आला नाही म्हणून काढून टाकली, पत्ता सापडत नाही म्हणून बंद केली, तीही निकालीच. ज्याला दर महिन्याला किती निकाली काढल्या त्याचा तक्ता वर पाठवायचाय आणि ज्याची बढती त्या कामाच्या युनिटवर मोजली जाते, तो माणूस अवघड ताबा आधी घेईल की सोपी डिसमिस? मी न्यायाधीशांच्या नियतीबद्दल बोलत नाहीये. तुम्ही-आम्ही त्या खुर्चीत असतो तर तेच केलं असतं. शाळेत निकाल शंभर टक्के लागलाच पाहिजे म्हटल्यावर काय होतं ते आपण बघतोच.

घाईचा आणखी एक तोटा आहे जो मागाहून दिसतो. मुदत जवळ आली म्हणून कैफियतीशिवाय दावा पुढं चालवला, साक्षीदाराला बोलवायचा अर्ज फेटाळला, एकतर्फी हुकूमनामा केला, तर अपिलात ते सगळं रद्द होऊन दावा परत खाली येतो. सहा महिन्यात संपवलेला दावा असा सहा वर्षांनी पहिल्या पायरीवर येतो, आणि तेव्हा तो नवीन नंबरानं मोजला जात असेल तर आकड्यात जुना दिसतही नाही.

बरं मग न्यायाधीशच कमी आहेत म्हणणाऱ्यांचं काय? त्यांचं खरं आहे, पण अर्धंच. देशातल्या जिल्हा आणि तालुका कोर्टांत साडेचार कोटींच्या वर प्रकरणं पडून आहेत, त्यात दिवाणी एक कोटीच्या वर. न्यायाधीशांची मंजूर पदं पंचवीस हजारांच्या वर, त्यातली पाचेक हजार रिकामी. दहा लाख माणसांमागं पन्नास न्यायाधीश हवेत असं विधी आयोगानं १९८७ मध्ये सांगितलं, २००२ मध्ये सुप्रीम कोर्टानं पाच वर्षांत ते करा म्हटलं, आज सगळी मंजूर पदं भरलेली धरली तरी एकवीसच्या आसपास येतं. पण नुसतं ‘जज द्या’ म्हणून भागत नाही कारण बराचसा वेळ जजच्या हाताबाहेरच जातो. वाटपाचंच घ्या. शेतजमिनीच्या वाटपाचा हुकूमनामा झाला की संहितेच्या कलम ५४ खाली कागद जातात कलेक्टरकडं, तिथनं तहसीलदार, मग भूमी अभिलेखची मोजणी, मग कुणीतरी हरकत घेतो, मग परत. ह्यात जज दुप्पट केले तरी मोजणीवाला दुप्पट होणार नाही. बेलीफ समन्स घेऊन जातो आणि ‘घर बंद’ शेरा मारून येतो, सहा महिने गेले. वरच्या कोर्टाची ऑर्डर जाते ती जजला, बेलीफला, मोजणीवाल्याला नाही, आणि सहा महिन्यांचं घड्याळ मात्र जजच्या नावानं चालू.

माझं म्हणणं हे की वरच्या कोर्टांना खरंच विलंबाची चीड असेल तर त्यांनी स्वतःच्या हातात जे आहे तिथून सुरू करावं, आणि ते थोडंथोडकं नाही. घटनेच्या कलम २३५ प्रमाणे खालच्या कोर्टांवर नियंत्रण हायकोर्टाचं आहे. भरतीचं कॅलेंडर सुप्रीम कोर्टानं २००७ मध्येच ठरवून दिलंय, कुठल्या महिन्यात जाहिरात, कुठल्या महिन्यात निकाल. ते पाळलं गेलं का ह्याची बातमी मात्र कुणी फटकारल्याशिवाय येत नाही, आणि इथं फटकारणार कोण? दाव्याचा निकाल लागेपर्यंतच्या तूर्तातूर्त मनाईच्या, निशाणी ५ म्हणतात त्या ऑर्डरीवर अपील आणि रिट होऊन जे स्टे मिळतात ते वरच्याच कोर्टात पडून असतात, त्याखाली खालचा अख्खा दावा गोठलेला. स्टे आपोआप उठवू नका, ते अन्यायाचं ठरलं, मान्य. पण ज्या दाव्याला आपण थांबवलंय त्याची सुनावणी आपण कधी घेणार हे तर वरचं कोर्ट स्वतःला सांगू शकतं की नाही? ती मुदत घालायला दुसऱ्या कुणाची रांग मोडावी लागत नाही. तालुक्याला एक जज दिवाणीला आणि एक फौजदारीला असं वेगळं काढता आलं तर जामिनाच्या गर्दीत दिवाणी साक्ष बुडणार नाही. आणि चौथी तहकुबी नाकारणाऱ्या जजच्या पाठीशी वरचं कोर्ट उभं राहिलं, दहा वेळा नाही, सलग तीन वेळा जरी, तरी ती बातमी बाररूममध्ये एका दिवसात पोचते.

अपवाद लागतातच, तेही धरून चालू. कॅन्सर झालेली विधवा आणि पोटगी, नव्वदीतला घरमालक ज्याला राहायला दुसरं घर नाही, अपघातात पाय गेलेल्या माणसाची भरपाई, ह्यांना पुढं घ्यायलाच हवं आणि त्यावर आत्यासुद्धा कुरकुर करणार नाही. पण हे ठरवायला मुंबई, नागपूर, संभाजीनगर किंवा कोल्हापूर कशाला पाहिजे? जिल्हा न्यायाधीशाकडं एक साधा अर्ज, वय आणि आजाराचा दाखला, बिनफीचा, आणि कुणाला का पुढं घेतलं त्याची यादी कोर्टाबाहेर लावलेली. बाकी सगळे दाखल तारखेप्रमाणं, जुना आधी. यादी भिंतीवर असली की टाइमबाउंड म्हणून कोण घुसलं ते निदान दिसेल. आज ते दिसत नाही, शिरस्तेदार सांगतो म्हणून कळतं.

त्या हायवेच्या प्लॉटचं पुढं काय झालं तेही सांगतो. सहा महिने संपले, दावा संपला नाही, मधे एक साक्षीदार परगावी गेला, मग संप, मग जजसाहेबांची बदली. नवीन जजनी रीतसर हायकोर्टाला मुदतवाढीचं पत्र पाठवलं, अशी पत्रं नेहमी जातात, आणि मुदत वाढवून मिळाली. तोपर्यंत आमच्या तीन तारखा त्याच्यामागं गेल्या होत्या. आत्याची उलटतपासणी नवीन जजपुढं एकदाची झाली, अर्धी. उरलेली पुढच्या तारखेला.

तर पुढच्या वेळी ‘हायकोर्टानं फटकारलं’ अशी बातमी वाचाल तेव्हा त्या एका दाव्याच्या वयावर हळहळण्याआधी त्याच कोर्टात त्याच्याहून जुने दिवाणी दावे किती पडलेत ते बघा. नॅशनल ज्युडिशियल डेटा ग्रिडवर राज्य, जिल्हा, मग तालुक्याचं कोर्ट निवडलं की पाच वर्षांपेक्षा जुनी किती, दहा वर्षांपेक्षा जुनी किती, सगळं समोर येतं. दोन मिनिटं लागतात, मोबाईलवरही होतं. मी आमच्या तालुक्याचं बघितलं तेव्हा आत्याच्या आधीचेही बरेच निघाले.